धुतलेला पडदा

मित्रांनो, मी एक जुना पडदा आहे. खिडकीचा नव्हे आणि नाटकाचाही नव्हे. माझ्यावर सिनेमा दाखवतात. सध्या मी हवा त्याहून जास्त स्वच्छ आहे. मला पाहून लोक म्हणतात, "वा, एवढ्या वर्षांचा पडदा किती पांढरा ठेवलाय!" ते ऐकलं की मला कुठं तोंड लपवावं कळत नाही. पडद्याला तोंड नसतं म्हणून निभावतं, एवढंच.

माझा जन्म उस्मानपुऱ्यातला. कडुबा टेलरच्या दुकानात, पायमशीनवर. सुरेखाताई मांजरपाटाचा ताका घेऊन आल्या तेव्हा कडुबा हसला.

"ताई, एवढं कापड! कुणाचा मांडव हाय?"

"मांडवच समजा. सिनेमा दाखवायचाय यावर, शिवण दिसायला नको."

"तीन पन्ने जोडायचे म्हणल्यावर शिवण दिसणारच. कुणाच्या नाकावरून गेली तर मला बोल लावू नका."

कडुब्यानं तीन पन्ने जोडले, चारी बाजूंनी काळा काठ लावला, वरच्या काठात पितळी कड्या बसवल्या. हातात देताना त्यानं बजावलं, "धुताना जपून. मांजरपाट हाय, गरम पाण्यात आटतंय." सुरेखाताई म्हणाल्या, "धुणार कोण?" तेव्हा मला वाटलं, बाई आळशी दिसतात. पुढं कळलं की मी त्यांना अजिबात ओळखलं नव्हतं.

सुरेखाताई माहितीपट करायच्या. कुणी कॅमेरा घेऊन फिरकत नाही अशा वस्त्यांमध्ये त्या जायच्या. कॅमेरेवाले येतात, चार दिवस राहतात आणि पुन्हा तोंड दाखवत नाहीत, अशाही वस्त्या असतात. तिथं त्या परत परत जायच्या. त्या परत जायच्या तेव्हा मी बरोबर असायचो. त्यांचा एक नियम होता. सिनेमाचा पहिला खेळ शहरात नाही, पाहुण्यांसमोर नाही. ज्यांचा सिनेमा, त्यांच्याच वस्तीत, त्यांच्यासमोर. दोन खांब, एक दोरी, आणि मधे मी.

मित्रांनो, तुम्हाला वाटेल, पडद्याची मजा आहे, सगळे सिनेमे फुकट! पण तसं नसतं. माझ्यावर पडलेलं चित्र मला दिसत नाही. तुम्हाला तुमचं कपाळ दिसतं का? तसंच. मला फक्त समोर बसलेली माणसं दिसतात. चित्रातल्या उजेडानं उजळलेले त्यांचे चेहरे पाहून मी ओळखायचो, आता काय चाललं असेल. आवाज मात्र सगळे ऐकू यायचे. एवढ्या वर्षांत मी एकही सिनेमा पाहिला नाही, आणि तरी मला सगळे पाठ आहेत.

माझ्यावरचा पहिला हात पुंडलिकबाबांचा.

ते नालेसफाईचं काम करायचे. त्यांच्या वस्तीत खेळ चालू होता. लेकरं पुढं, बाया एका अंगाला, पुरुष मागं. मध्येच पुंडलिकबाबा उठले आणि तरातरा माझ्याकडं आले. सिनेमाचं मशीन कसं थांबवतात हे त्यांना ठाऊक नव्हतं. त्यांना माझ्यावर स्वतःचा चेहरा दिसत होता. तो झाकावा म्हणून त्यांनी त्यावर तळहात ठेवला. पण चेहरा झाकला जाईना. तो त्यांच्या हाताच्या पाठीवर येऊन बसला. त्यांनी हात सरकवला. चेहरा पुन्हा हातावर. सगळी वस्ती हसायला लागली.

"बाबा, सोताच्या थोबाडाला भेताव काय?" मागून कुणीतरी ओरडलं.

सुरेखाताई मात्र हसल्या नाहीत. त्यांनी मशीन बंद केलं. "बाबा, हे नको का?"

"हे नको."

"काढून टाकते."

"कामून, ते इचारणार नाय का?"

"नाही."

पुंडलिकबाबांच्या बोटांना तंबाखू मळल्याचा वास होता. त्यांचा तपकिरी पंजा माझ्या मधल्या पन्न्यावर उमटला. त्या दिवसापासून सुरेखाताईंचा दुसरा नियम ठरला. ज्याला आपला जो तुकडा जगाला दाखवायला नको असेल, त्यानं उठून पडद्याला हात लावायचा. कारण सांगायचं नाही. दुसऱ्या दिवशी सकाळी चहा पिता पिता त्या वहीत तारीख लिहायच्या, वस्तीचं नाव लिहायच्या, आणि काय काढायचं ते लिहायच्या. मग तो तुकडा काढायच्या, आणि मुळातूनच पुसायच्या. "लपवून ठेवलेलं म्हणजे काढलेलं नव्हे," असं त्या म्हणायच्या.

असे माझ्यावर सोळा हात जमले. एक मेंदीचा होता. एकाचं अंगठ्याचं पेरच नव्हतं. एक इतका खाली होता की मला आधी वाटलं कुणी लेकरू असेल, पण ती खाली बसून सरपटणारी आजी होती. सुरेखाताईंनी मला कधी धुतलं नाही. धूळ झटकायच्या, आणि हात आतल्या बाजूला येतील अशी घडी घालायच्या. एक टोक त्यांच्या हातात आणि दुसरं त्यांच्या लेकीच्या, विशाखाच्या. तेव्हा विशाखा शाळेत होती.

"आई, किती डाग पडलेत गं याच्यावर!"

"असू देत. डाग आत घे, घडी बाहेरून."

विशाखाला वाटायचं, आई मळ लपवतेय. तिला वही माहीत होती. माझ्यावरचे हात म्हणजे काय, ते तिनं कधी विचारलं नाही. पुढं ती पुण्याला शिकायला गेली, तिथंच नोकरीला लागली. मग सुरेखाताई एकट्याच घडी घालायच्या. एक टोक हनुवटीखाली धरून.

त्या काळात कौतुकही झालं. सुरेखाताईंना बक्षिसं मिळाली, ती काचेच्या कपाटात बसली. कॅमेरा तीनदा बदलला, आणि दर नव्या कॅमेऱ्याचे फोटो निघाले. मी लोखंडी कपाटाच्या वर, जुन्या सुटकेसशेजारी. मला त्याचं वाईट वाटलं नाही. सोळा माणसांनी विश्वासानं हात ठेवला होता, तो माझ्यावर. असं भाग्य कॅमेऱ्याला कुठलं?

आता सतराव्या हाताबद्दल सांगतो. सगळं त्यातच आहे.

शहराबाहेर एका बंद पडलेल्या खाणीच्या कडेला वडारवस्ती आहे. तिथल्या बाया पाट्याला आणि जात्याला टाकी लावायला दारोदार फिरायच्या. टाकी लावणं म्हणजे गुळगुळीत झालेल्या दगडाला छिन्नीनं पुन्हा खरखरीत करणं, म्हणजे त्यावर नीट वाटलं जातं. आता घरोघरी मिक्सर आले आणि त्यांना कुणी हाक मारत नाही. सुरेखाताई दीड वर्ष त्या वस्तीत जात होत्या. सिनेमात सगळ्यात जास्त बोलते ती पारूबाई. साठीची, बारीक, आणि जिभेला धार छिन्नीची. तिच्या उजव्या हाताची करंगळी हातोडीचा घाव बसून कायमची वाकडी झाली होती.

त्या वस्तीतला खेळ मला लख्ख आठवतो. पारूबाई एका हॉटेलवाल्याचा पाटा घडवता घडवता तशीच येऊन पुढं बसली होती. हात दगडाच्या पिठानं करडे. सिनेमा मध्यावर आला, आणि माझ्यावरून पारूबाईचा आवाज येऊ लागला.

"आमची मेघा गंगापूरला साळंत बाई हाय. खोली घिऊन ऱ्हाती. मालकीण लई सोवळ्याची. मेघानं आडनाव सांगितलं, जात नाय सांगितली. तिनं इचारली बी नाय. पोरगी नीट बोलती म्हनून आपल्यातलीच समजली. म्या एकदा गेले खोली बघाया. तर माघल्या अंगणात पाटा! टाकीची खूण बघितली, म्हनलं आगं बया, ही तर माझीच टाकी! वीस वर्सांमागं ह्याच दारात बसून लावली व्हती. तवा पानी मागितलं, तर ह्याच बाईनं वरून वतलं व्हतं वंजळीत. आता मला वळखलं नाय तिनं. नवं लुगडं व्हतं ना अंगावर! अन् माझ्या मेघाला म्हंती कशी, पोरी, तुझ्या हातच्या चटणीला काय चव हाय! अगं बाई, चव हाताला नाय. माझ्या टाकीला हाय!"

आणि मग माझ्यावरून एक हसू आलं. पारूबाईचं नव्हे. कॅमेऱ्यामागच्या सुरेखाताईंचं. एरवी चित्रणात त्या स्वतःचा श्वासही येऊ देत नसत. पण त्या वेळी त्यांना आवरलं नव्हतं. आधी नाकातून फुसकन, मग मोकळं, मग दम लागेपर्यंत. पारूबाई बोलतच होती आणि त्या हसतच होत्या. एवढ्या वर्षांच्या सगळ्या सिनेमांत त्यांचं हसू तेवढं एकाच ठिकाणी होतं.

वस्तीही हसली. "पारे, मालकिणीला बिल पाठीव वीस वर्साचं!" एक म्हातारा म्हणाला. पारूबाई स्वतःही हसत होती. मी तिच्याकडंच पाहत होतो. हसता हसता तिचा चेहरा थांबला. तिच्या लक्षात आलं होतं. मेघाचं नाव, गाव, शाळा, खोली, सगळं ती बोलून बसली होती. हा सिनेमा उद्या गंगापूरलाही कुणी पाहील. मालकीणही पाहील.

ती उठली, सरळ माझ्यापाशी आली आणि पंजा दाबून धरला. घामानं ओला हात, त्यावर दगडाचं पीठ. पाचही बोटं उमटली. करंगळी वाकडी.

सुरेखाताईंनी मशीन थांबवलं. "कोणता तुकडा, पारूबाई?"

"मेघाचा. समदा."

"सगळा?"

"समदा. सांगू का कामून?"

तो तुकडा सुरेखाताईंना किती आवडत होता, ते घरी कपाटावरून मी ऐकलं होतं. काम करताना त्या तो पुन्हा पुन्हा लावायच्या. पण त्या म्हणाल्या, "नको. कारण सांगायचं नाही, असं ठरलंय आपलं. उद्या वहीत लिहिते, परवा काढते."

"मंग मी निर्धास्त झाले," पारूबाई म्हणाली.

दुसऱ्या दिवशी सकाळी सुरेखाताईंनी चहा केला. वही उघडली. पेनाचं टोपण काढल्याचा आवाज मी ऐकला. मग कप फुटल्याचा. मग बराच वेळ काहीच नाही. शेजारच्या मनकर्णाबाई दूधवाल्याचं काही सांगायला आल्या, तेव्हा त्यांनी दार ढकललं आणि किंचाळल्या. मेंदूत रक्तस्राव झाला, असं नंतर घरात बोलणं ऐकलं. सुरेखाताई घरी परत आल्या नाहीत.

वहीच्या त्या पानावर तारीख आहे. वस्तीचं नाव आहे. पुढं काही नाही. सोळा हात वहीतही होते आणि माझ्यावरही. सतरावा फक्त माझ्यावर होता.

तीन महिन्यांनी विशाखानं पुण्याहून आठ दिवसांची रजा काढली. आईचा शेवटचा सिनेमा तयार होता. तो आईच्या स्मरणसभेत दाखवायचा, असं तिनं ठरवलं होतं. क्रांती चौकाजवळचं एक लहान सभागृह मिळालं होतं. ती संगणकावर सिनेमा पाहायला बसली. हसण्याच्या तुकड्याशी आली आणि थांबली. मग तोच पुन्हा लावला. पुन्हा लावला. ती रडत नव्हती. नुसती ऐकत होती. मला वरून तिचा भांग दिसत होता, आणि त्यात एक पांढरा केस.

नंतर तिनं वही काढून मनकर्णाबाईंना दाखवली. "हे बघा काकू. प्रत्येक खेळानंतर आई लिहायची, कुणाला काय नकोय ते. शेवटच्या पानावर नुसती तारीख आणि वस्तीचं नाव. म्हणजे या वेळी कुणाचीच हरकत नव्हती."

मी कपाटावर होतो, त्या दोघींच्या डोक्यावर दोन हात अंतरावर. मित्रांनो, तुम्हाला कधी स्वप्नात ओरडायचं असतं आणि आवाज फुटत नाही, असं झालंय का? माझं जागेपणी तसं झालं. मी नुसता एकदा उघडलो असतो तरी पुरे होतं. पण कापडाला आपली घडी आपल्याला मोडता येत नाही.

मग तिनंच ती मोडली. मला अंथरलं आणि तोंडावर हात ठेवला. "अगं बाई! काय हे! आई कशावर दाखवायची सिनेमे? काकू, हे नाही चालणार. सभेला मोठी मोठी माणसं येणार आहेत."

"धुऊन टाक की," मनकर्णाबाई म्हणाल्या. "आज नळ आलाय. आता पुन्हा आठ दिवसांनी येणार. भिजव गरम पाण्यात. हे बघ, हे तेलकट हाय, हे कशाचं तरी पीठ बसलंय. माझ्याकडचं बी एक पिंप घे पाणी, तुझ्या आईसाठी म्हणून."

विशाखानं मला दोन वेळा गरम पाण्यातून काढलं. ब्रशनं घासलं, शेवटी नीळ घातली. तिच्या मनात माया होती, हे मी शपथेवर सांगतो. प्रत्येक डागाशी ती वाकून बसली होती, जणू आजारी माणसाचं अंग पुसावं तसं. पुंडलिकबाबांचा तंबाखू सगळ्यात शेवटी निघाला. पारूबाईचं दगडाचं पीठ पहिल्याच पाण्यात गेलं. करडं पाणी मोरीतून वाहताना मी पाहिलं. त्या वस्तीतले एवढे लोक साक्षीला होते, पण त्यांना विचारायचं कुणाच्या ध्यानात आलं नाही. आणि विशाखानं तरी का विचारावं? वही तर समोर होती.

गच्चीवर मी वाळलो. कडुबा म्हणाला होता तसा चार बोटं आटलो. विशाखा मला पाहून म्हणाली, "आईला आवडलं असतं."

सभा संध्याकाळी पाचला होती. खुर्च्या भरल्या, मागं लोक उभे राहिले. पारूबाईला पहिल्या रांगेत बसवलं होतं. ती तेच नवं लुगडं नेसून आली होती. केसांना तेल लावून, चापून चोपून. सुरेखाताईंच्या फोटोला तिनं हात जोडले आणि निवांत बसली. तिला शब्द मिळाला होता. तुकडा काढलेला असणार, याबद्दल तिच्या मनात तिळभर शंका नव्हती.

भाषणं झाली. दिवे मालवले. सिनेमा सुरू झाला.

"आमची मेघा गंगापूरला साळंत बाई हाय..."

पारूबाईचा चेहरा मी पाहिला. तसा चेहरा मी पुन्हा पाहू नये. तिनं आधी मान वळवली, विशाखाला शोधलं. विशाखा बाजूला मशीनपाशी उभी होती. तिचे डोळे मिटलेले होते. आता आईचं हसू येणार होतं, आणि ते तिला डोळे मिटून ऐकायचं होतं.

मग पारूबाईला जो एकच उपाय माहीत होता तो तिनं केला. ती उठली, पायऱ्या चढून मंचावर आली आणि माझ्यावर हात ठेवला.

जिथं वर्षानुवर्षं अशा हातानं मशीन थांबत होतं, तिथं मशीन थांबलं नाही. तिचाच हसरा चेहरा तिच्या हातावर, खांद्यावर, तेल लावलेल्या केसांवर पसरला. सुरेखाताईंचं हसू सभागृहात घुमू लागलं. लोकांना वाटलं, ही बाई आपल्या ताईच्या आठवणीनं पडद्याला हात लावतेय. कुणीतरी टाळी वाजवली. मग सगळ्यांनी. लोक उभे राहिले. दुसऱ्या रांगेतल्या एकानं मोबाइल वर धरला.

"बंद करा," पारूबाई म्हणत होती. "बंद करा की वो! बंद कर गं पोरी!"

टाळ्यांच्या आवाजात ते फक्त मला ऐकू आलं. तिचा तळहात माझ्या अंगावर होता.

विशाखानं डोळे उघडले. तीही टाळ्या वाजवत पुढं आली आणि तिनं पारूबाईला मिठी मारली. "मावशी, रडू नका. आईला सगळं कळतंय."

लोक गेल्यावर, खुर्च्या गोळा होत असताना, पारूबाई मंचाच्या कडेला बसली होती. सत्काराची शाल मांडीवर तशीच घडीत.

"म्या हात लावला व्हता, बाय. तुझ्या आईसमोर. तो तुकडा काढायचा व्हता."

"पण मावशी, वहीत काहीच नाही. मी दहा वेळा पाहिलं."

"वहीचं मला काय ठाव? पडद्यावर बघ की. पंजा हाय माझा. करंगळी वाकडी हाय, वळखू येतीय."

विशाखानं माझ्याकडं पाहिलं. वरपासून खालपर्यंत. मी पांढराशुभ्र होतो.

"मावशी," ती म्हणाली, "मी धुतला."

पारूबाईनं शिव्या दिल्या असत्या तर बरं झालं असतं. तिनं फक्त आपला हात उलटा केला आणि तळव्याकडं पाहत राहिली, जणू तोच कुठंतरी चुकला होता.

त्या मोबाइलमधलं चित्रण दुसऱ्या दिवसापासून फिरू लागलं. पाठवणाऱ्यानं चांगल्या मनानंच पाठवलं असेल. विशाखानं त्याचा नंबर मिळवून फोन केला, त्यानं माफी मागितली, आपल्याकडचं काढूनही टाकलं. तोवर ते कुठल्या कुठं गेलं होतं. तिसऱ्या दिवशी गंगापूरला पोचलं. मालकीणबाईंनी मेघाला सांगितलं, महिनाअखेर खोली मोकळी करा. कारण त्यांनीही सांगितलं नाही.

रजेच्या शेवटच्या दिवशी पारूबाई आणि मेघा घरी आल्या. विशाखानंच बोलावलं होतं. मेघाला मी पहिल्यांदाच पाहत होतो. आईसारखीच बारीक, पण आवाज खालचा. विशाखा तिची माफी मागू लागली, तेव्हा ती म्हणाली, "ताई, तुमच्या आईचा मला राग नाही. तुमचाही धरणार नाही. पण खोली गेली ती गेली. आता वर्गातसुद्धा मुलांचे आईबाप माझ्याकडं नीट बघतात का, हे मी बघत बसते. ते काही तुम्हाला परत करता येणार नाही."

"नाही येणार," विशाखा म्हणाली. तिनं दुसरं काही म्हटलं नाही, हे मला बरं वाटलं.

ती संगणकाशी बसली. "तुमच्यासमोर काढते. सिनेमातून, आणि मुळातूनही."

"एकदा लावा," मेघा म्हणाली. "मी पूर्ण पाहिलंच नाही."

विशाखानं खिडकीची दारं लावली, मला गजांना बांधलं आणि तो तुकडा लावला. मेघाचा चेहरा मी पाहिला. पाण्याच्या ओंजळीशी तिनं खाली पाहिलं. चटणीशी तिला हसू आलं. ते तिनं दाबलं, पण आलं. शेवटी सुरेखाताई हसल्या, दम लागेपर्यंत. खोलीत तिघी होत्या आणि कुणीच कुणाकडं पाहत नव्हतं.

पारूबाईच पहिली बोलली. "पोरी, हसणं तेवढं ठीव की तुझ्यापाशी. आमचं बोलणं काढ. हसण्याला काय हरकत हाय?"

"ते वेगळं निघत नाही, मावशी," विशाखा म्हणाली. "मी प्रयत्न केला. आईच्या हसण्याखाली सगळीकडं तुमचं बोलणं आहे."

"मंग दुसरं कुठं नाय का ती हसलेली?"

"नाही."

विशाखा उठून माझ्यापाशी आली आणि तिनं माझ्यावर हात ठेवला. माझ्या आयुष्यात तिचा हात असा पहिल्यांदाच आला. मग ती परत जाऊन बसली आणि तिनं तो तुकडा पुसला. मूळ चित्रण पुसलं. जपून ठेवलेली एक प्रत होती, तीही पुसली. तीन वेळा एक बारीक टकटक झाली, बस्स.

मित्रांनो, ते हसू आता कुणाकडंच नाही. ज्यांच्या मोबाइलमध्ये असेल त्यांना ते कुणाचं आहे हेही ठाऊक नाही. मी ते इतक्या जवळून ऐकलं आहे. पण माझ्यावर आलेलं काहीच माझ्यापाशी राहत नाही. चित्र विझलं की मी पुन्हा कोरा. राहायचे ते फक्त हात, आणि तेही मला जपता आले नाहीत.

मला सोडताना विशाखानं खिडकीची दारं उघडली आणि ती तिथंच थांबली. दुपारचं ऊन मागून येत होतं. त्या उजेडात तिला माझ्यावर काहीतरी दिसलं. एक पंजा. केसांच्या तेलाचा, पुसट, उजेडासमोर धरलं तरच दिसणारा. सभेत पारूबाईनं लावलेला. करंगळी वाकडी होती.

विशाखा बघत राहिली. मग तिनं घडी घालायला माझं एक टोक उचललं. दुसरं टोक जमिनीवर लोळत होतं. मेघानं ते उचललं. दोघींनी मला ताणलं आणि एकदा झटकलं.

"डाग आत घ्या," विशाखा म्हणाली. "घडी बाहेरून."

आता मी पुन्हा कपाटावर आहे. माझं तुमच्याकडं एकच मागणं आहे. मागं राहिलेल्या माणसाच्या वस्तू तुमच्या हाती येतील तेव्हा त्या जरूर जपा. पण जपण्याची घाई करू नका. एखादा डाग दिसला तर पाणी तापवण्याआधी दारोदार फिरून विचारा, हा कुणाचा आहे. नळ आठ दिवसांनी पुन्हा येतो.